सतरा दिवस मी, नऊ दिवस तो: अर्ध्यावर सोडाव्या लागलेल्या एका सिनेमाचं प्रकरण

हे प्रकरण लिहायचं बरेच दिवस डोक्यात होतं. स्वतंत्र सिनेमात डीओपी (छायादिग्दर्शक) म्हणून कसं टिकायचं हे विचारणारी पोरं-पोरी भेटतात, आणि त्यांचे प्रश्न बहुतेक कॅमेरा कुठला घेऊ, शोरील (आपल्या कामाच्या नमुन्यांचा व्हिडिओ) कसं कापू असे असतात. पण या लाइनीत प्रत्येकावर एकदा तरी येणारा जो प्रसंग आहे त्याबद्दल कुणी विचारत नाही आणि कुणी सांगतही नाही. सिनेमा अर्धा शूट झालाय, पैसे संपले म्हणून थांबलाय, आणि परत उभा राहतो तेव्हा तुमच्या डेट्स दुसरीकडे गेलेल्या असतात. माझ्यावर हे आलं. काय झालं, काय ठरवलं आणि कुठे चुकले ते सांगते, नावं कुणाचीच घेत नाही.

सिनेमा छोटा होता. एक आजोबा, त्यांची दहा वर्षांची नात, घर विकायचं ठरलंय आणि घरातलं सामान एकेक करून निघून जातंय, बस एवढीच गोष्ट. २६ दिवसांचं शूट, जवळजवळ सगळं एकाच घरात, आणि त्यातले निम्म्याहून जास्त सीन पूर्वेला खिडकी असलेल्या एका खोलीत. दिग्दर्शकाबरोबर पहिल्या रेकीलाच ठरलं की या खोलीत मुख्य लाइट म्हणजे खिडकीतून येणारं ऊन. मोठे लाइट परवडणार नव्हते हे खरंच आहे, पण परवडले असते तरी मी हेच केलं असतं, कारण त्या खिडकीचे गज आणि त्यांच्या सावल्या जमिनीवरून सरकत जाणं हेच त्या घराचं घड्याळ होतं. बाकी खोलीत उजेड भरायला आम्ही उन्हाच्या पट्ट्यात फ्रेमबाहेर पांढरी मलमल अंथरायचो आणि तिच्यावरून उजेड छताला जाऊन सगळीकडे मऊ पसरायचा. ही कल्पना काही माझी नाही. सत्यजित राय यांचे डीओपी सुब्रत मित्र यांनी १९५६ च्या 'अपराजितो'साठी स्टुडिओत बांधलेल्या अंगणावर पांढरं कापड ताणलं आणि खालून लाइट त्याच्यावर मारून खऱ्या आभाळासारखा उजेड आणला, तेव्हापासून आपण सगळे त्यांचंच देणं वापरतोय.

व्यवहार असा होता की माझ्या नेहमीच्या रेटचा तिसरा हिस्सा शूटच्या वेळी आणि उरलेला सिनेमा विकला गेल्यावर. कॅमेरा बॉडी माझी, तिचं भाडं वेगळं. हे दोन आकडे वेगळे लिहून घेतले होते आणि नशीब घेतले होते, कारण पुढे कॅमेरा गेला आणि मी गेले नाही अशी वेळ आली. "कॅमेऱ्यासकट डीओपी" असा एकच आकडा लावून जे काम घेतात त्यांना मी हात जोडून सांगते, असं करू नका, तुमची मेहनत त्या भाड्यात बुडून जाते.

खोलीतले सीन आम्ही १२ फेब्रुवारीपासून सुरू केले. सकाळी ८:२० ला ऊन समोरच्या भिंतीवर असायचं, मग उतरत उतरत ९:१० ला टेबलाच्या कोपऱ्यावर यायचं, आणि तिथून पुढची साधारण ४० मिनिटं आजोबांच्या हातांवर असायचं. रोजची ४० मिनिटं! त्यासाठी सगळं युनिट पहाटेपासून तयार बसायचं. मी फरशीवर पेन्सिलने गजांच्या सावल्या आखायचे आणि शेजारी वेळ लिहायचे, म्हणजे दुसऱ्या दिवशी शॉट कुठून उचलायचा ते कळायचं. तेव्हा ही पेन्सिल फक्त आमच्यापुरती होती.

१७ व्या दिवशी, २३ फेब्रुवारीला, दुपारच्या ब्रेकनंतर निर्माते आले आणि म्हणाले थांबायला लागेल. एका भागीदाराने पैसे काढून घेतले होते. नऊ दिवस बाकी होते. गॅफर (लाइट टीमचे प्रमुख) दादांनी न बोलता मलमल घडी करायला घेतली, ती मला अजून दिसते.

नंतरचे तीन-चार महिने सगळ्यांसारखेच गेले, म्हणजे कॉर्पोरेट फिल्म, दोन जाहिराती, एका डॉक्युमेंटरीचे मुलाखतीचे दिवस. मे महिन्यात मी एक सिनेमा साइन केला, १ सप्टेंबर ते २० नोव्हेंबर, आयुष्यातला पहिला पूर्ण रेटचा फीचर. आगाऊ रक्कम घेतली. आणि जूनमध्ये दिग्दर्शकाचा फोन, "पैसे जमले गं, पूर्ण नाही पण नऊ दिवसांचे जमले. ऑगस्टमध्ये करूया, तुझ्या दुसऱ्या सिनेमाच्या आधी उरकून टाकू."

मला इतका आनंद झाला की मी लगेच हो म्हणाले. मग रात्री वही काढली आणि ऊन आठवलं.

ऑगस्ट का नाही

इथे जरा थांबून सांगते, कारण सगळं प्रकरण यावर फिरतं. सूर्य २१ डिसेंबरच्या आसपास सगळ्यात दक्षिणेला असतो आणि २१ जूनच्या आसपास सगळ्यात उत्तरेला, या दोन टोकांत जवळपास ४७ अंशांचा फरक. फेब्रुवारीत तो पूर्वेच्या जरा दक्षिणेला उगवतो, म्हणजे आमच्या खिडकीतून ऊन तिरकं येऊन उत्तरेकडच्या भिंतीकडे जायचं, जिथे टेबल होतं. ऑगस्टमध्ये तो पूर्वेच्या उत्तरेला उगवतो, म्हणजे तेच ऊन खोलीच्या दुसऱ्या अंगाला, कपाटावर पडणार. आजोबा टेबलाशी बसून बोलतायत, शॉट फेब्रुवारीतला, त्यांच्या हातावर ऊन. कट टू नात, शॉट ऑगस्टमधला, आणि ऊन तिच्या मागच्या कपाटावर. बघणाऱ्याला नेमकं काय बिनसलंय ते सांगता येणार नाही पण काहीतरी खोटं वाटणार, आणि हा सिनेमा उभाच त्या उन्हावर होता.

खरं ऊन अडवून बाहेरून मोठे लाइट मारता आले असते, पण त्याला मोठे एचएमआय (उन्हासारखा उजेड देणारे दिवे), जनरेटर आणि आणखी माणसं लागणार, आणि पैसे तर नऊ दिवसांचेच.

मग मार्ग हा की उन्हाची जुळी तारीख शोधायची. २१ डिसेंबर हा आरसा धरा, त्याच्या जितके दिवस नंतर तुम्ही शूट केलंत तितकेच दिवस आधी सूर्य जवळपास त्याच वाटेने जातो. २३ फेब्रुवारी म्हणजे ६४ दिवस नंतर, तर ६४ दिवस आधी येतो १८ ऑक्टोबर. १२ फेब्रुवारीची जुळी २९ ऑक्टोबर. आणि क्रम उलटा होतो, फेब्रुवारीत सूर्य रोज थोडा उत्तरेला सरकत होता, ऑक्टोबरमध्ये रोज दक्षिणेला सरकणार, म्हणून शेवटच्या दिवसांना जुळणारे शॉट आधी घ्यायचे.

यात अजून एक गंमत आहे जी बऱ्याच जणांना माहीत नसते. सूर्याची वाट तीच असली तरी घड्याळ तेच नसतं. पृथ्वीची कक्षा लंबगोल आणि आस कललेली असल्यामुळे सूर्य फेब्रुवारीत घड्याळाच्या साधारण १४ मिनिटं मागे असतो आणि ऑक्टोबरच्या शेवटच्या पंधरवड्यात साधारण १५-१६ मिनिटं पुढे. दोन्ही मिळून २८ ते ३० मिनिटं. म्हणजे फेब्रुवारीत ९:१० ला टेबलाच्या कोपऱ्यावर आलेलं ऊन ऑक्टोबरमध्ये ८:४० च्या सुमारास येणार. (जिथे वर्षातून दोनदा घड्याळं पुढेमागे करतात तिथे तो तास वेगळा धरायचा.) हे माहीत नसेल तर ४० मिनिटांतली ३० मिनिटं चहा पिण्यात जातील आणि मग सगळे म्हणतील ऊन आलंच नाही.

तर उत्तर मिळालं, १८ ते २९ ऑक्टोबर. आणि मी १ सप्टेंबर ते २० नोव्हेंबर दुसरीकडे.

माझ्याच हिशोबाने माझं शूट माझ्या हातातून गेलं. ते कागदावर दिसल्यावर मी वही बंद केली आणि दोन दिवस कुणालाच काही बोलले नाही. ऑगस्टला हो म्हणून टाकायचा मोह झाला होता हे कबूल करते, ऊन कुठून येतंय हे युनिटमध्ये माझ्याइतकं कुणालाच कळत नव्हतं, मी गप्प बसले असते तर सिनेमा माझा एकटीचा राहिला असता. तिसऱ्या दिवशी दिग्दर्शकाला फोन करून सगळं सांगितलं.

तो आधी चिडला, मग म्हणाला तू तो दुसरा सिनेमा सोड ना. ते मी करणार नव्हते. त्या टीमने माझ्या डेट्सवर कलाकारांच्या डेट्स बांधल्या होत्या. मग म्हणाला, तू मोकळी होईपर्यंत थांबतो, नोव्हेंबरअखेर. पण घर ऑक्टोबरअखेर पाडायला जाणार होतं, आणि दुसरं म्हणजे नात. दहा वर्षांची मुलगी कुणासाठी थांबत नाही.

'पाथेर पांचाली'चं सगळ्यांना माहीत असतं पण अशा वेळी ते वेगळंच आठवतं. १९५२ मध्ये काश गवताच्या फुलांच्या रानात पहिलं शूट झालं, पुढच्या खेपेला युनिट गेलं तर गुरांनी फुलं खाऊन टाकलेली, मग पुढच्या मोसमाची वाट बघितली. पैशांपायी थांबत थांबत सिनेमा १९५५ ला आला. सत्यजित राय नंतर सांगायचे की तीन चमत्कारांनी तो तरला, अपू झालेल्या पोराचा आवाज फुटला नाही, दुर्गा झालेली पोरगी मोठी झाली नाही आणि इंदिर ठाकरुण करणाऱ्या म्हाताऱ्या बाई गेल्या नाहीत. सुब्रत मित्र तेव्हा एकवीस-बावीस वर्षांचे, सिनेमाचा कॅमेरा याआधी चालवलेला नाही, आणि एवढा काळ एका उजेडाचा धागा त्यांनी सोडला नाही. आमच्याकडे चमत्कारावर विसंबायला जागा नव्हती. म्हणून ऑक्टोबर, आणि दुसरा डीओपी.

माणूस निवडणं आणि क्रेडिट

दिग्दर्शकाने मलाच विचारलं कोणाला घेऊ. माझ्यासारखंच काम करणारा एक जण होता आणि सगळ्यांनी त्याचंच नाव घेतलं. मी वेगळं नाव दिलं. हा मुलगा माझ्यापेक्षा अंधारा शूट करतो, त्याची आवड वेगळी आहे, पण मी त्याला एका शूटवर दुसऱ्या युनिटला बघितलं होतं आणि तो शॉट लावायच्या आधी गॅफरचं ऐकून घेतो, हे माझ्या डोक्यात राहिलं होतं. दुसऱ्याचा सिनेमा पूर्ण करताना शैली जुळणं मला कमी महत्त्वाचं वाटतं, ऐकून घेणं जास्त. त्याला म्हटलं आधी १७ दिवसांचे सगळे रशेस (न कापलेलं फुटेज) बघ आणि मग हो किंवा नाही म्हण. चार दिवसांनी त्याचा फोन आला, "ताई, बघितलं सगळं. यात मी किती माझं करू?" या एका प्रश्नावर मी निश्चिंत झाले. त्याला म्हटलं खोलीतलं सगळं मी ठरवलंय तसंच ठेव, पण शेवटचे तीन सीन, जिथे घर रिकामं झालंय, ते तुझे. सामान गेलंय, उजेडही बदलू दे.

क्रेडिटचं मात्र ऑक्टोबरच्या आधी कागदावर आणायचं असं मी ठरवलं होतं, त्याला कारण आहे. टेरेन्स मॅलिक यांचा 'डेज ऑफ हेवन' १९७६ मध्ये कॅनडातल्या अल्बर्टात शूट झाला. डीओपी नेस्तोर आल्मेंद्रोस. शूट लांबलं, आल्मेंद्रोस यांनी फ्रेंच दिग्दर्शक फ्रान्स्वा त्रुफोंच्या सिनेमाला शब्द दिलेला होता, ते गेले, आणि उरलेलं काम हॅस्केल वेक्सलर यांनी पूर्ण केलं. पडद्यावर वेक्सलर यांना 'अतिरिक्त छायांकन' एवढंच मिळालं आणि १९७९ च्या सोहळ्यात ऑस्कर गेलं एकट्या आल्मेंद्रोस यांना. वेक्सलर यांनी पुढे समीक्षक रॉजर ईबर्ट यांना पत्र लिहिलं, आपण थिएटरात स्टॉपवॉच घेऊन बसलो आणि निम्म्याहून जास्त फुटेज आपलं आहे हे मोजलं म्हणून. वेक्सलर म्हणजे तोवर स्वतः ऑस्कर घेतलेला माणूस! त्याला अंधारात स्टॉपवॉच धरून बसावंसं वाटलं यात किती दुखलं असेल. शब्द पाळायला गेलेले आल्मेंद्रोस चुकले नाहीत, मदतीला आलेले वेक्सलर चुकले नाहीत, आणि तरी दोघांच्या मधे ती गोष्ट कायमची राहिली.

आमच्याकडे हिशोब सोपा होता, १७ आणि ९. तरी बसून बोललो. 'छायांकन' माझं, 'अतिरिक्त छायांकन' त्याचं, पण स्वतंत्र कार्डावर, माझ्या लगेच नंतर, त्याच आकाराच्या अक्षरात, मागच्या नावांच्या यादीत नाही. पोस्टरवरही दोघं. त्याने शूट केलेला कुठलाही शॉट माझ्या शोरीलमध्ये येणार नाही आणि माझा त्याच्या. एका पानाचा कागद, दिग्दर्शक, निर्माते, आम्ही दोघं, सह्या. अर्धा तास लागला. हे शूटनंतर करायला गेलो असतो तर प्रत्येकाला आपापले शॉट आठवले असते.

ताबा देणं

माझ्याकडे १७ दिवसांचे १६३ सेटअप (कॅमेरा आणि लाइटच्या मांडण्या) होते आणि प्रत्येकाची नोंद होती. लेन्स कुठली, तिचा सीरियल नंबर, टी-स्टॉप (लेन्स किती उघडी ठेवली), जमिनीपासून कॅमेऱ्याची उंची, माणसापर्यंतचं अंतर, वेळ, व्हाइट बॅलन्स, लाइटचा वरून काढलेला आराखडा, मोबाइलवर सेटचा फोटो. प्रत्येक सेटअपच्या सुरुवातीला २४ रंगांच्या चौकोनांचा चार्ट आणि १८ टक्के ग्रे कार्ड शूट केलेलं. हे सगळं फोकस पुलरच्या (शॉटमध्ये फोकस सांभाळणारीच्या) सवयीमुळे होतं, माझ्या शिस्तीमुळे नाही, ती पोरगी स्लेट लागायच्या आधी टेप घेऊन धावायची. म्हणून मी एकच हट्ट धरला, फोकस पुलर आणि गॅफर दादा तेच राहतील. कॅमेरा बॉडीही माझीच गेली, विमा प्रॉडक्शनच्या नावाने काढून, कारण सेन्सर बदलला असता तर नोंदींचा निम्मा उपयोग गेला असता.

काही गोष्टी नोंदीत मावत नाहीत त्या बसून सांगितल्या. कॅमेऱ्याचा आयएसओ (सेन्सर उजेडाला किती संवेदनशील त्याचा आकडा) ८०० असला तरी मी ५०० धरून एक्स्पोज करत होते, म्हणजे दोन-तृतीयांश स्टॉप जास्त उजेड (एक स्टॉप म्हणजे उजेड दुप्पट किंवा निम्मा), म्हणून सावल्या स्वच्छ होत्या. त्याने ८०० धरलं असतं तर मॉनिटरवर फरक दिसला नसता पण ग्रेडिंगला, म्हणजे शूटनंतर रंग-उजेड जुळवताना, माझ्या सावल्या गुळगुळीत आणि त्याच्या रवाळ. स्वयंपाकघरात ट्यूबलाइट होती, वीज ५० हर्ट्झची आणि आम्ही २४ फ्रेमवर, म्हणून तिथे शटर १८० नाही, १७२.८ अंश, नाहीतर फ्लिकर, म्हणजे चित्र लुकलुकणार. आणि ३५ मिलिमीटरची लेन्स. आमच्या जुन्या सेटमधल्या ३५ चं कोटिंग झिजलेलं होतं, चेहऱ्यावर किंचित पिवळसर ऊब यायची आणि काळा रंग थोडा करडा दिसायचा, मला ती लेन्स फार आवडली होती. रेंटलवाल्यांकडे ५० आणि ८५ तेच मिळाले, ती ३५ मात्र दुसऱ्या शूटवर गेलेली, तिच्या जागी त्याच कंपनीची दुसरी आली. कागदावर तीच लेन्स, पण चेहरा थंड. त्याने काय केलं, शूटच्या आदल्या दिवशी त्याच खिडकीत त्याच वेळी चार्ट ठेवून नव्या ३५ ची टेस्ट घेतली आणि फाइल मला आणि कलरिस्टला (ग्रेडिंग करणाऱ्याला) पाठवली, म्हणजे रंग किती सरकवायचा ते ग्रेडिंगच्या आधीच माहीत.

१८ ऑक्टोबरला मी माझ्या सेटवर होते, सकाळी पावणेनऊच्या आधी मोबाइल वाजला. फोटो होता फरशीचा. माझी फेब्रुवारीतली पेन्सिलची रेघ, शेजारी माझ्या अक्षरात ९:१०, आणि रेघेवर बरोबर बसलेली गजाची सावली. खाली त्याने लिहिलेलं, "८:४२." मी तो फोटो आमच्या सगळ्या कॅमेरा टीमला दाखवत फिरले.

नात आठ महिन्यांत चांगली चार सेंटिमीटर वाढली होती आणि एक सुळा पडला होता. सुळ्यासाठी तिला तोंड उघडून हसू द्यायचं नाही एवढंच करता आलं. उंचीचं गॅफर दादांनी केलं, आजोबांच्या खुर्चीच्या पायांखाली लाकडी ठोकळे आणि कॅमेरा तेवढाच वर. कोणालाही दिसत नाही.

माझी चूक

अंगणातले सीन. भर उन्हात टी ४ वर शूट करायचं म्हणजे एनडी (लेन्ससमोर लावायचा, उजेड कमी करणारा करडा फिल्टर) २.१ लागत होता. ०.३ म्हणजे एक स्टॉप, त्या हिशोबाने ७ स्टॉप, म्हणजे येणाऱ्या उजेडाचा १२८ वा भाग आत जाणार. माझ्या नोंदीत प्रत्येक ठिकाणी "एनडी २.१" लिहिलेलं होतं. जे लिहिलं नव्हतं ते हे की माझे एनडी इन्फ्रारेड कापणारे होते, आणि ते फिल्टर माझे स्वतःचे असल्यामुळे माझ्याबरोबर दुसऱ्या सिनेमाला आले होते. त्याला रेंटलमधून साधे एनडी मिळाले.

साधा एनडी दिसणारा उजेड कापतो पण इन्फ्रारेड बऱ्यापैकी आत सोडतो. कमी एनडीला ते कळत नाही. पण ७ स्टॉप कापल्यावर उरलेल्या उजेडात इन्फ्रारेडचं प्रमाण इतकं होतं की सेन्सर ते रंग म्हणून धरतो, आणि सगळ्यात आधी दिसतं ते काळ्या सिंथेटिक कापडावर. आजोबांचा कोट, जो ते सिनेमाभर घालतात, काळा पॉलिएस्टरचा.

तो रोज रात्री मला चार-पाच स्टिल्स पाठवायचा, मी मागितल्या नव्हत्या. त्या रात्री अकराला मोबाइलवर बघितल्या तर छान वाटल्या. झोपायच्या आधी काय वाटलं कोण जाणे, लॅपटॉपवर उघडल्या. आजोबा दाराला टेकून उभे, दाराची लोखंडी कडी काळी, आणि तिच्याच शेजारी कोटाची कॉलर तांबूस, वाळलेल्या रक्तासारखी. मी आधी लट (एलयूटी, फुटेजला रंग देणारी तयार फाइल) चुकीचा लागलाय का बघितलं. मग फिल्टर आठवले आणि अंग गार पडलं.

फोन केला तेव्हा तो स्वतःलाच दोष द्यायला लागला. त्याला स्पष्ट सांगितलं की नोंद माझी अपुरी आहे. सकाळी माझे फिल्टर माणसाबरोबर पाठवले, माझ्या सिनेमाच्या प्रॉडक्शनला विचारून, आमचा तो आठवडा रात्रीच्या शूटचा होता म्हणून जमलं. दोन शॉट परत घेता आले. पाच राहिले, त्यात नातीचं पळणं होतं, ते परत तसं मिळणार नव्हतं. ग्रेडिंगला कलरिस्टने त्या पाच शॉटमधला कोट वेगळा मास्क करून काळा केला, पूर्ण एक दिवस गेला. त्या दिवसाचे पैसे मी माझ्या राहिलेल्या मानधनातून वळते करायला सांगितले. निर्माते नको म्हणाले, मी ऐकलं नाही.

ग्रेडिंगला करारात माझे दोन दिवस होते, मी पाच बसले, तो दोन दिवस आला. खोलीतले सीन चार्टवर चार्ट ठेवून दुपारपर्यंत जुळले. ग्रेडिंगला डीओपी हजर असेल आणि त्या दिवसांचे पैसे मिळतील हे आता मी प्रत्येक करारात घालते. कमी बजेटवाले पहिली काट इथेच मारतात, आणि त्या खोलीत तुम्ही नसाल तर तुमचं सगळं शूट दुसऱ्या कुणाच्या तरी आवडीचं होऊन बाहेर येतं.

आणि पैशांचं म्हणाल तर राहिलेल्या रकमेतले निम्मे आले, सिनेमा पूर्ण झाल्यावर वर्षभराने. बाकीचे येतील असं मी धरून चालत नाही. नव्याने येणाऱ्यांनी पुढे मिळणारे पैसे घरखर्चात धरूच नयेत, शूटच्या वेळी हातात येतं तेवढ्यात महिना निघत असेल तरच असं काम घ्या. मी ते घेतलं कारण माझ्याकडे तोवर वर्षभराच्या कॉर्पोरेटच्या कामाचे पैसे बाजूला होते, नाहीतर कितीही आवडलं असतं तरी परवडलं नसतं.

शेवटच्या दिवसाचं राहिलं. रिकामी खोली, आजोबा आणि नात, शेवटचा सीन. त्या दिवशी ढग आले. त्याने फोन केला, ऊन नाही, काय करू. मी म्हटलं थांब, दहापर्यंत वाट बघ. त्याने वाट बघितली नाही. मलमल काढून टाकली, खिडकीची तीन दारं लावली, एकच अर्धं उघडं ठेवलं, आणि त्या फटीतून येणाऱ्या करड्या उजेडात नातीला बसवलं. आजोबांचा चेहरा तीन स्टॉप खाली, जवळजवळ अंधारात, फक्त डोळ्यांच्या कडा ओल्या असल्याचं कळतं. मी असते तर थांबले असते, दहाला कदाचित ऊन आलंही असतं, आणि शॉट सुंदर आणि साधारण झाला असता.

ट्रेलर त्या शॉटवर संपतो. लोक मला मेसेज करतात, तो शेवटचा शॉट काय लाइट केलाय म्हणून. मी प्रत्येकाला कळवते की तो त्याने केलाय आणि खाली त्याचा नंबर देते. त्यातून त्याला आतापर्यंत दोन सिनेमे मिळालेत, दुसऱ्याचं शूट मागच्या आठवड्यात सुरू झालं आणि माझे एनडी तो घेऊन गेलाय.